जनरेटर कोणी बंद केला?

 

आधीच सांगून टाकतो. गाण्यातलं मला काही कळत नाही. यमन आणि भूप यांतला फरक बायकोनं चाळीस वर्षं समजावून सांगितला, अजून डोक्यात शिरलेला नाही. तीस वर्षं फौजेत काढली, बँडच्या तालावर पाय टाकला, एवढाच माझा संगीताशी संबंध. मग आज गाण्यावर बोलायला का बसलो? त्याचं कारण एक फोन आहे.

गेल्या वर्षी चैत्रात माझ्या जुन्या पलटणीतल्या एका जवानाचा फोन आला. आता तो जवान नाही, नायब सुभेदार होऊन निवृत्त झाला, माणदेशात त्याची थोडी जमीन आहे. नाव सांगत नाही, त्याला ते आवडणार नाही. पलटणीत त्याला सगळे 'मास्तर' म्हणायचे, कारण लेझीम तोच शिकवायचा. म्हणाला, "साहेब, गावची जत्रा आहे. पोरगी गाणार आहे. तुम्ही यायचं." मी म्हटलं, जरूर येतो. तो जरा थांबला आणि हसत म्हणाला, "फक्त या वेळी बंद नका करू साहेब."

हे ऐकून माझ्या पोटात जे झालं ते तुम्हाला कळायला हवं असेल, तर मला १९९२ सालात जावं लागेल.

तेव्हा मी मेजर होतो, कंपनी कमांडर. फौजेत बडाखाना असतो. अधिकारी, सरदार साहेब, जवान सगळे एकत्र जेवतात आणि जेवणाआधी जवान आपला कार्यक्रम करतात. भांगडा होतो, कुमाऊंची मुलं झोडा घालतात, कुणी नकला करतो. आमच्याकडे मराठी पोरं होती, त्यामुळं लावणी ठरलेली. लावणीला बाई आणणार कुठून? मग एखादा जवानच नऊवारी नेसायचा. त्या वर्षी मास्तरनं नेसली. बावीस वर्षांचा पोर, मिशी खास रजा मागितल्यासारखी माझी परवानगी मागून काढलेली. नऊवारी सुभेदार साहेबांच्या घरून आली होती. ढोलकी सुट्टीवरून कुणी बांधून आणलेली. घुंगरू कशापासून केले ते मी विचारलं नाही, रिकाम्या काडतुसांचा हिशेब मात्र दुसऱ्या दिवशी तंतोतंत जुळला.

आणि तो नाचला, मंडळी. पहिल्या दोन मिनिटांत पोरांनी शिट्ट्या मारल्या, तिसऱ्या मिनिटाला शिट्ट्या थांबल्या. कारण तो थट्टा करत नव्हता. तो खरंच नाचत होता. त्याची आजी फडात होती हे मला नंतर कळलं.

त्या दिवशी बाहेरून एक वरिष्ठ अधिकारी पाहुणे आले होते, सोबत कुटुंब. ते माझ्याकडं वळले आणि हळू आवाजात विचारलं, हे काय चाललंय? एवढंच. बंद करा असं ते म्हणाले नाहीत. हे मी आज मुद्दाम सांगतो, कारण कितीतरी वर्षं मी स्वतःची समजूत घालत होतो की मला हुकूम मिळाला होता. हुकूम नव्हता. मी उठलो, शामियान्याच्या मागं गेलो आणि जनरेटरवरच्या पोराला म्हटलं, बंद कर. दिवे गेले, ध्वनिक्षेपक गेला. दोन मिनिटांनी दिवे आले तेव्हा मी माइक घेऊन जेवण तयार असल्याचं जाहीर केलं. मास्तर स्टेजच्या बाजूला उभा होता, अर्धा पदर हातात. त्यानं विचारलं, "साहेब, चूक काय झाली?" मी म्हटलं, "कपडे बदल आणि जेवायला ये."

दुसऱ्या दिवशी तो पीटीला वेळेवर हजर होता. त्यानंतर मी पलटणीत होतो तोवर तो नाचला नाही.

आता हे मी का केलं? मी काही सोवळ्या घरातला नव्हे. माझे वडील सिग्नल्समध्ये हवालदार. सुट्टीवर आले की जत्रेत मला खांद्यावर घेऊन तमाशाला जायचे. म्हणजे मला ठाऊक होतं की हे वाईट नाही. आणि तरी एका भुवईच्या हालचालीसरशी मी उठलो. निवृत्तीनंतर वेळ मिळाला तसा मी या विषयाच्या मागं लागलो. गाणं बंद करणारी माणसं कोण असतात, आणि ज्यांचं गाणं बंद केलं ती माणसं पुढं काय करतात, हे वाचत गेलो. त्यातलं थोडं आज सांगतो.

सुरुवात आपल्याच माणसापासून करू. डॉक्टर बाळकृष्ण विश्वनाथ केसकर. जन्म पुण्याचा, शिक्षण काशी विद्यापीठात आणि पुढं पॅरिसला, स्वातंत्र्यलढ्यातले कार्यकर्ते. १९५२ साली ते माहिती आणि नभोवाणी मंत्री झाले आणि दहा वर्षं त्या खुर्चीवर राहिले. शास्त्रीय संगीताचे खरे जाणकार. त्यांचं मत असं की हिंदी सिनेमाचं गाणं दिवसेंदिवस सवंग होत चाललंय, त्यात पाश्चात्त्य चालींची भेसळ आहे, आणि सरकारी रेडिओनं हे लोकांच्या कानात ओतू नये. मग आकाशवाणीवर सिनेगीतांची छाननी सुरू झाली, वेळेला कात्री लागली. शिवाय एक नियम आला: गाणं लावताना सिनेमाचं नाव सांगायचं नाही, कारण ती फुकटची जाहिरात होते. निर्माते चिडले, त्यांनी गाणी वाजवायचे परवाने काढून घेतले. झालं. काही महिन्यांत आकाशवाणीवरून सिनेमाचं गाणं जवळजवळ नाहीसं झालं. देशात एकच रेडिओ, आणि त्यावर लताबाई नाहीत, रफी नाहीत, तलत नाहीत.

आता गंमत बघा. दुसऱ्या महायुद्धात माउंटबॅटन यांचं आग्नेय आशिया कमांडचं मुख्यालय सिलोनमध्ये होतं. तिथं दोस्त सैन्याच्या करमणुकीसाठी एक जबरदस्त शॉर्टवेव्ह केंद्र उभारलेलं. ब्रह्मदेशापर्यंतच्या सैनिकांना गाणी ऐकू जावीत एवढी त्याची ताकद. युद्ध संपलं, सैन्य गेलं, यंत्र राहिलं आणि सिलोन सरकारच्या हाती आलं. म्हणजे फौजी लोकांसाठी बांधलेली तोफ आयतीच पडून होती, फक्त तोंड भारताकडं वळवायचं बाकी होतं. रेडिओ सिलोननं ते वळवलं. ३ डिसेंबर १९५२ ला 'बिनाका गीतमाला' सुरू झाली. निवेदक अमीन सयानी, वय वीसला थोडं कमी. मानधन आठवड्याला २५ रुपये. कार्यक्रम मुंबईत ध्वनिमुद्रित व्हायचा, फिती विमानानं कोलंबोला जायच्या, आणि तिथून गाणं समुद्र ओलांडून परत आपल्याकडं यायचं. पहिल्या कार्यक्रमाला ९ हजार पत्रं आली. पत्रं फोडायची कुणी, हाच प्रश्न पडला.

माझे वडील त्या काळात अंबाल्याला होते. सिग्नल्सचा माणूस, हवेतल्या लहरी पकडणं हाच त्याचा धंदा. ते सांगायचे, बुधवारी रात्री आठला कोलंबो लावण्यासाठी बराकीत ड्यूटीच लागायची. एक जण तारेचं टोक धरून खिडकीत उभा. तो हलला की आवाज जायचा, आवाज गेला की पोरं त्याच्या आईबापांचा उद्धार करायची. "सरकारची नोकरी करायची आणि सरकारनं बंद केलेलं ऐकायचं," वडील म्हणायचे, "पण बंदी ऐकण्यावर नव्हती ना, लावण्यावर होती." सिग्नल्सच्या लोकांना असे बारकावे बरोबर सापडतात.

शेवटी ३ ऑक्टोबर १९५७ ला आकाशवाणीनं विविध भारती काढली आणि सिनेमाची गाणी घरी परत आली. पुढं त्याच विविध भारतीवर फौजी भाईंसाठी 'जयमाला' लागू लागली. १९७१ नंतर काही दिवस आम्ही पोरं 'जयमाला'त वडिलांच्या युनिटचं नाव येतंय का म्हणून कान लावून बसायचो. आलं नाही कधी.

केसकरांवर हसणं सोपं आहे. त्या काळी लोकांनी हसूनही घेतलं. पण मला तो माणूस खलनायक वाटत नाही. त्यांच्याच काळात शास्त्रीय संगीताची राष्ट्रीय मैफल रेडिओवर सुरू झाली. संस्थानं बुडाल्यानंतर कित्येक मोठ्या गवयांच्या घरी चूल पेटली ती आकाशवाणीच्या करारांमुळं. सिनेमाला पर्याय म्हणून सुगम संगीताला रेडिओवर जागा मिळाली. आणि त्याच वातावरणात, १ एप्रिल १९५५ रोजी, पुणे केंद्रावरून 'गीत रामायण' सुरू झालं. वर्षभर, आठवड्याला एक, एकूण ५६ गीतं. हे मोठंच काम. फक्त एक बारीक गोष्ट लक्षात घ्या. ते लिहिणारे गदिमा आणि चाली बांधणारे सुधीर फडके, दोघंही सिनेमातली माणसं. जो दरवाजा सिनेमासाठी बंद केला होता, त्यातूनच सिनेमावाले रामाला घेऊन आत आले आणि कुणाची सोवळी विटाळली नाहीत.

त्याच आकाशवाणीवर १९४० पासून १९७१ पर्यंत बाजाची पेटी, म्हणजे हार्मोनियम, बंद होती. परकी वाद्य, त्यात मींड निघत नाही, आपली श्रुती बिघडते, वगैरे. युक्तिवाद चुकीचा नव्हता, रवींद्रनाथांचंही तेच मत होतं. पण ज्या महाराष्ट्रात नाटक पेटीवाचून सुरूच होत नाही तिथं हे ऐकून काय वाटलं असेल! पु. ल. देशपांडे आकाशवाणीत नोकरीला होते, त्या काळात ही बंदी जारी होती. पेटीवर जीव असलेला माणूस, आणि कचेरीत पेटीला मज्जाव.

या दोन बंद्या मात्र सुरांवरच्या. तिसरी जास्त टोचते. स्वातंत्र्याच्या उंबरठ्यावर रेडिओ खात्यानं आणखी एक दंडक घातला होता: ज्यांचं खासगी आयुष्य लोकांत बदनाम आहे अशा गायिकांना बोलवायचं नाही. भाषा सभ्य, अर्थ सरळ. कोठ्यावरच्या बाया नकोत. ज्या बायकांनी दोनशे वर्षं ठुमरी, दादरा, कजरी जिवंत ठेवली, १९०२ साली ज्यांच्यातल्या गौहरजाननं कलकत्त्यात भोंग्यापुढं उभं राहून गाऊन ध्वनिमुद्रणाचा धंदा या देशात उभा केला, त्यांना दार बंद. त्यांची गाणी हवी होती. ती शिकून घेतलेल्या घरंदाज मुली चालणार होत्या.

हे वाक्य ध्यानात ठेवा, मला पुढं माणदेशात पुन्हा त्याची गाठ पडणार आहे.

आता तमाशाकडं येतो. स्वातंत्र्यानंतर लगेचच मुंबई सरकारनं तमाशावर बंदी घातली. अश्लील आहे, पोरं बिघडतात. फडमालक, शाहीर, काही जाणकार मंडळी धावपळ करत गेली, मग सुधारणेसाठी समिती बसली, आणि संहिता तपासून घ्यायच्या अटीवर तमाशा सुटला. काहींनी 'लोकनाट्य' असं नाव घेतलं. तीच ढोलकी, तीच गवळण, तोच सोंगाड्या. फक्त पाटी बदलली.

त्या काळातून वर आल्या विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर. १९३५ चा जन्म, पंढरपूरचा. वडील भाऊ आणि चुलते बापू यांचा फड. जात मांग, पेशा तमाशा, बाईचा जन्म. समाजानं नाक मुरडायला एक कारण पुरलं असतं, इथं तीन होती. १९५७ साली त्यांना राष्ट्रपतींच्या हस्ते गौरव मिळाला, पुन्हा १९९० साली. आणि मधे, १९६२ च्या चीन युद्धाच्या वेळी, विठाबाई आपला फड घेऊन जवानांसमोर नाचायला सीमेवर गेल्या.

फौजी माणसाला हे वाक्य वेगळं ऐकू येतं. १९६२ चा हिवाळा म्हणजे काय ते ज्यांनी तिथल्या जुन्या लोकांकडून ऐकलंय त्यांना विचारा. पायात कॅनव्हासचे बूट, अंगात सुती स्वेटर, मनात पराभव. गावाकडं जिला पाटलाच्या वाड्यात वरच्या ओसरीवर बसता येत नव्हतं, ती बाई तिथं जाऊन ढोलकीवर उभी राहिली. त्या पोरांना उभारी द्यायला दिल्लीतून कोण कोण गेलं असेल ते जाऊ द्या. माझ्या लेखी विठाबाईंचं नाव त्या यादीत वर आहे.

त्यांची ती गोष्ट तर महाराष्ट्रात सगळ्यांना ठाऊक आहे. दिवस भरलेले असताना फडावर उभ्या राहिल्या, कळा आल्या तशा आत गेल्या, बाळंत झाल्या, दगडानं नाळ ठेचली आणि पुन्हा नाचायला बाहेर आल्या. लोक ही गोष्ट कौतुकानं सांगतात. मला ती ऐकून कौतुक वाटत नाही, राग येतो. बाहेर तिकीट काढून बसलेल्या माणसांचा, आणि त्या बाईला एक रात्र आडवं पडायची चैन परवडत नव्हती या गोष्टीचा. २००२ च्या जानेवारीत त्या गेल्या तेव्हा हातात पैसा नव्हता. त्यांच्या नावाचा राज्य पुरस्कार पुढं काही वर्षांनी सुरू झाला.

आणि इथं मला विरोध करणाऱ्यांचीही एक बाजू मांडली पाहिजे, नाहीतर मी प्रामाणिक राहणार नाही. तमाशाला नाक मुरडणारे सगळे ढोंगी नव्हते. ज्या जातींच्या बायका पिढ्यानपिढ्या नाचवल्या गेल्या, त्या समाजातल्या शिकलेल्या लोकांना वाटलं की आपल्या लेकीबाळी यातून बाहेर निघाल्या पाहिजेत. कला वगैरे तुम्ही बघा, आम्हाला माणूस म्हणून जगायचंय. या म्हणण्याला माझ्याकडं उत्तर नाही. उत्तर असायचं कारणही नाही, ते बरोबरच आहे. फक्त मला दिसतं ते एवढं: त्यांना बाईची चिंता होती. जत्रेत पहिल्या रांगेत बसून नोट दाखवणारा आणि सकाळी चावडीवर नाक मुरडणारा, त्याला बाईची चिंता नव्हती. दोघांचं बोलणं मात्र सारखं ऐकू येतं.

हा रोग महाराष्ट्रापुरता नाही. माझी पोस्टिंग १९८४ साली कलकत्त्याला होती, फोर्ट विल्यममध्ये. त्याच्या आदल्या वर्षी तिथं एक प्रकरण गाजलेलं होतं. उषा उथुप. मुंबईत वाढलेली तमिळ मुलगी, वडील मुंबई पोलिसात अधिकारी. शाळेत गाण्याच्या तासाला बाईंनी बाहेर काढलेली, आवाज फारच जाड म्हणून. १९६९ साली मद्रासच्या एका नाइट क्लबात कांजीवरम नेसून गायला उभी राहिली, मग कलकत्त्याच्या पार्क स्ट्रीटवर, ट्रिंकाजमध्ये. कपाळाला मोठी टिकली, केसात गजरा, आणि गाते पॉप. लोकांना कळेना की हिला कुठल्या रकान्यात टाकायचं. डाव्या आघाडीचे सार्वजनिक बांधकाम मंत्री जतीन चक्रवर्ती यांनी टाकलं: 'अपसंस्कृती'. सरकारी सभागृह या बाईला मिळणार नाही.

बघा, इकडं धर्म नाही, सोवळं नाही. मार्क्सला मानणारं सरकार. तरी शब्द तोच, संस्कृती.

उषाताई कलकत्ता उच्च न्यायालयात गेल्या. निकाल त्यांच्या बाजूनं लागला. आणि तीनच वर्षांनी, १९८६ साली, त्याच सरकारच्या आशीर्वादानं सॉल्ट लेकच्या मैदानात मुंबईच्या सिनेतारकांचा मोठा जलसा झाला, 'होप ८६'. मी तेव्हा बदली होऊन गेलो होतो, पण मेसमधल्या बंगाली मित्राचं पत्र आलं होतं. त्यात त्यानं त्या जलशावर दोन पानं लिहिली होती आणि तब्येतीवर एक ओळ. उषा उथुप यांना २०११ साली पद्मश्री मिळाली, २०२४ साली पद्मभूषण.

पण सगळ्यांचं असं होत नाही. न्यायालयात जायला वय लागतं, ओळख लागते, पाठीशी घर लागतं. डिसेंबर २०१२ मध्ये श्रीनगरला बँडची एक स्पर्धा झाली. दहावीच्या वर्गात शोभतील अशा तीन मुली ड्रम, गिटार घेऊन उतरल्या. बँडचं नाव 'प्रगाश', म्हणजे उजेड. बक्षीसही मिळवलं. मग इंटरनेटवरून शिव्या, धमक्या. मुख्यमंत्री ओमर अब्दुल्ला यांनी जाहीरपणे मुलींची बाजू घेतली. फेब्रुवारीत राज्याच्या मुफ्तींनी फतवा काढला. मुलींनी वाद्यं खाली ठेवली आणि बँड संपला. पोलिसांनी धमक्या देणाऱ्या काहींना पकडलं, पण बँड काही परत आला नाही.

मी खोऱ्यात दोनदा होतो. तिथं बायकांचं गाणं नवं नाही. हब्बा खातूनची गाणी तिथं चारशे वर्षं गातात. राज बेगम १९५० च्या दशकापासून रेडिओ काश्मीरवर गात होत्या. घरच्यांपासून नाव लपवून गाण्याचे ते दिवस, आणि पुढं २००२ साली पद्मश्री.

पुण्यात आमच्या सोसायटीत दर हिवाळ्यात एक काश्मिरी शालवाला येतो. वीस वर्षांची ओळख. २०१३ च्या त्या फेब्रुवारीत तो आला तेव्हा मी विषय काढला. म्हणाला, माझी आई राज बेगमचं गाणं लागलं की हातातलं काम टाकून रेडिओजवळ बसायची. मी म्हटलं, मग या पोरींनी काय घोडं मारलं? तो गाठोडं बांधत राहिला. मग म्हणाला, "कर्नल साब, मुलगी रेडिओतली असली की गोष्ट वेगळी. माझ्या गल्लीतली असती तर मीही आधी तिच्या बापाकडं गेलो असतो." खोटं बोलला असता तर मला बरं वाटलं असतं. पण त्यानं खरं सांगितलं, म्हणून त्या दिवशी दोन शाली जास्त घेतल्या.

तर, माणदेश.

मी जत्रेच्या दिवशी दुपारीच पोचलो. मास्तरच्या घरी भाकरी, हुरड्याचं थालीपीठ, मटण. मुलगी साताऱ्याला नर्सिंग शिकलेली, गेली चार वर्षं एका ऑर्केस्ट्रात गाते. आवाज आजीचा, मास्तर म्हणाला. मी विचारलं, "मग अडचण कुठं आहे? फोनवर काहीतरी म्हणत होतास." तेव्हा त्यानं सांगितलं. दरवर्षी जत्रेत ऑर्केस्ट्रा होतो, लावणी होते, बाहेरून मुली येतात, गाव पहाटेपर्यंत उठत नाही. कुणाची हरकत नाही. या वर्षी तोच ऑर्केस्ट्रा ठरला आणि कळलं की त्यात गावची पोरगी आहे. जत्रा कमिटीतली दोन-तीन पोरं घरी आली. पोरगी पंचवीसची, पोरं तिच्याच वर्गातली. म्हणाली, काका, बाहेरची असती तर आम्ही काय बोललो असतो का? पण गावची पोरगी स्टेजवर, बरं दिसत नाही.

म्हणजे शालवाल्याची गल्ली, आकाशवाणीचं ते परिपत्रक आणि ही माणदेशातली कमिटी. गाणं हवंय. गाणारी आपली नको.

"मग तू काय म्हणालास?" मी विचारलं.

"म्हटलं, माझे साहेब येणारेत. पहिल्या रांगेत बसणारेत. त्यांना विचारा."

मला हसू आलं आणि लाजही वाटली. या माणसानं मला साक्षीदार म्हणून बोलावलं होतं, ते कशावरून, तर मी एकदा त्याचंच नाचणं बंद केलं होतं म्हणून. मी त्याला म्हटलं, "मास्तर, त्या रात्री मला कुणी हुकूम दिला नव्हता." बत्तीस वर्षांनी सांगितलं. तो म्हणाला, "ठाऊक आहे साहेब. जनरेटरवर माझा गाववालाच होता." आणि मला आणखी एक भाकरी वाढली.

संध्याकाळी कोट घातला, मेडल लावली. कमिटीची पोरं येऊन पाया पडली, चहा दिला, सत्कार केला, नारळ दिला. एकानंही विषय काढला नाही. मीही काढला नाही. पण स्टेजच्या मागं त्यांच्यातले दोघं सारखे फिरताना दिसत होते, आणि मागं काय असतं ते मला चांगलं ठाऊक आहे. मी पहिल्या रांगेतली खुर्ची उचलली. सरपंच धावत आले, साहेब, काय झालं, ऊन लागतंय का? संध्याकाळी सात वाजता. मी म्हटलं, नाही, मला आवाज मोठा लागतो, जरा मागं बसतो. खुर्ची नेऊन जनरेटरच्या शेजारी ठेवली आणि बसलो.

तिथून स्टेज दिसत नाही. पोरगी कशी दिसत होती, काय नेसली होती, मला काही सांगता येणार नाही. तिनं गणानं सुरुवात केली, मग गवळण, मग लोकांनी फर्माईश केली ती लावणी. डिझेलच्या धडधडीतून जेवढं येत होतं तेवढं ऐकलं. पहिल्या लावणीला थोड्या शिट्ट्या आल्या. मग कमी झाल्या. ते दोघं पोरं एकदा आले, मला बघितलं, डिझेल बघायला आलोय म्हणाले. मी म्हटलं, भरपूर आहे. नंतर त्यातला एक तिथंच मातीत बसला आणि शेवटपर्यंत ऐकत राहिला.

दहाला फौजदारांनी घड्याळ दाखवलं तेव्हा मास्तर मागं आला. जनरेटरचा खटका त्यानं स्वतः खाली केला.